हरकामी पिठाच्या नऊ बरण्या

सोमवार, ४ नोव्हेंबर

धाकटे,

पार्सल फोडल्यावर तू आधी बरणी बाहेर काढशील आणि मग हे पत्र वाचशील, म्हणून बरणीचंच आधी सांगते.

हे हरकामी पीठ आहे. नाव माझंच. वीस वाट्या मैदा, तीन वाट्या दूध पावडर, वाटीभर पिठीसाखर, दहा मोठे चमचे बेकिंग पावडर, चार छोटे चमचे मीठ. सगळं एकत्र करून तीनदा चाळायचं. दोनदा नाही, तीनदा. मग कडकडीत वाळवलेल्या बरणीत भरून झाकण घट्ट. त्यानंतर काही मोजायचं उरत नाही. एक वाटी पीठ, एक अंडं, पाऊण वाटी दूध घेतलं की पॅनकेक होतात. दूध कमी करून लोणी चोळलंस तर बिस्किटं. अंडी आणि साखर वाढवलीस तर केक. घाईत असलेल्या माणसाचं मोजमाप आपण आधीच करून ठेवायचं, एवढीच त्यातली युक्ती. शाळेच्या प्रयोगशाळेत एकतीस वर्षं मी दुसरं काय केलं? पोरं यायच्या आत सगळं तोलून, बाटल्यांना चिठ्ठ्या लावून तयार.

काल रविवारी नऊ बरण्या झाल्या. पहिली वरच्या मजल्यावरच्या नर्सला दिली. तिची ड्यूटी कधी सकाळची, कधी दुपारची, नवरा लांबच्या मालगाडीवर ड्रायव्हर, महिन्यातून आठ दिवस घरी. चार वर्षांची मुलगी आहे, तिला सगळे टिकली म्हणतात. आई कामावर असली की टिकली माझ्याकडे असते. बोलते इतकी, की मला रेडिओ लावावा लागत नाही.

तीन वर्षांनी पत्र कशाला, असं म्हणशील. काही विशेष नाही. एक बरणी उरली होती. तू फोन उचलत नाहीस, तो तुझा हक्क आहे.

माझी तब्येत चांगली आहे. डोळेही ठणठणीत आहेत. ओळी वाकड्या दिसल्या तर टेबलाचा पाय हलतोय असं समज.

ताई


बुधवार, ६ नोव्हेंबर, सकाळ

धाकटे,

घाईत लिहिते आहे. सोमवारी पाठवलेल्या बरणीतलं पीठ वापरू नकोस. यंदा हवा दमट आहे, पीठ बिघडलं असावं असं वाटतं. टाकून दे. बरणी धुऊन घे, चांगल्या काचेची आहे.

झालं काय, की समोरची शिकवणीवाली काल आली आणि म्हणाली, "तुमच्या पिठाचे पॅनकेक फुगलेच नाहीत हो. चामड्याचे तुकडे जसे." मी म्हटलं, "दूध जास्त पडलं असेल." ती म्हणाली, "मोजून घातलं." मी म्हटलं, "मग तवा तापला नसेल." तिचं तोंड एवढंसं झालं. मला वाटलं, बरं झालं. आयतं दिलं तरी नावं ठेवणारी माणसं.

मग शिंप्याच्या बायकोनंही तेच सांगितलं. फुगलं नाही.

टिकलीला बरं नाही. परवापासून उलट्या होताहेत. आज सकाळी तिची आई तिला कडेवर घेऊन जिना उतरली. पोरीची मान तिच्या खांद्यावर नुसती लोंबत होती. मी दारात उभी होते. नर्स म्हणाली, "मावशी, पाणीसुद्धा ठरत नाहीये पोटात. दवाखान्यात दाखल करते." जाता जाता विचारलं, "त्या पिठात काही नवीन घातलं होतंत का?"

मी म्हटलं, "नवीन काय घालणार? मैदा कोपऱ्यावरून आणला, तोच खराब निघाला असेल."

असू शकतो ना खराब? मैद्याला अळ्या होतात, बुरशी लागते. तो दुकानदार पोती उघडी ठेवतो, तूसुद्धा पाहिलं आहेस. पण मी ते बोलले तेव्हा रखवालदार आणि शिंपी दोघंही जिन्यापाशी उभे होते.

पीठ टाकून दे. बाकी काळजीचं काही नाही.

ताई


गुरुवार, ७ नोव्हेंबर, सकाळ

धाकटे,

कालचं पत्र टाकून घरी आले आणि चहाला आधण ठेवलं. उकळी आल्यावर मनात आलं, एक करून बघावं. बेकिंग पावडर जिवंत आहे की मेली ते बघायची रीत मीच सगळ्यांना शिकवलेली आहे: चमचाभर पावडर वाटीत घ्यायची, वर उकळतं पाणी ओतायचं. जिवंत असेल तर फसफसून वर येते. नसेल तर पाणी गप्प बसतं.

फडताळातला डबा काढला. चमचाभर घेतलं. पाणी ओतलं आणि कान लावला.

पाणी गप्प.

मेली असेल, असं म्हटलं. जुनी झाली असेल. पण डबा गेल्या महिन्यातच आणलेला. मग मी तो हातात फिरवला. गोल, प्लास्टिकचा, तळहाताएवढा. झाकणाला खाच. बेकिंग पावडरच्या डब्याला खाच नाही ग. खाच असते ती कॅरमच्या पावडरीच्या डब्याला.

डबा घेऊन खिडकीपाशी गेले. उन्हात धरला. मान वाकडी करून, कडेकडेने बघत एकेक अक्षर गाठलं. तांबड्या अक्षरांत लिहिलं आहे. बोरिक. आणि त्याखाली: खाण्यासाठी नाही.

मी खालीच बसले. झुरळं मारायला हीच पावडर टाकतात, धाकटे. प्रयोगशाळेत मी तिच्या बाटलीवर स्वतःच्या हाताने तांबडी चिठ्ठी लावत असे. दहा चमचे. सपाट करून, काटेकोर मोजून, तीनदा चाळून, नऊ बरण्यांत अगदी सारखी वाटून दिली मी ती.

टिकली दुपारी दुकान-दुकान खेळते. फडताळातले डबे काढते, मांडते, मला विकते. तिनेच ठेवताना अदलाबदल केली असणार. लहान लेकरू, तिला काय कळतं. मी तिला दोष देत नाही, झालं कसं ते फक्त सांगते.

खरी बेकिंग पावडर कॅरमच्या खणात सापडली.

मग मी बरण्या गोळा करायला निघाले. एक माझी, ती मी उघडली नव्हती कारण जुनं पीठ संपायचं होतं. एक वर, एक तुझ्याकडे निघालेली. उरल्या सहा. कापडी पिशवी घेऊन दारोदार फिरले आणि म्हटलं, "पीठ जुनं निघालं, परत द्या, दुसरं देते." शिकवणीवालीने पहिल्या फटक्यालाच कचऱ्यात टाकलं होतं, रिकामी बरणी दिली. शिंप्याच्या बायकोलाही दोनदा ओकारी झाली, ती म्हणाली, "मला वाटलं बाहेरचं खाल्लं म्हणून." मी नुसती मान डोलावली. सहाच्या सहा बरण्या आणल्या आणि सगळं पीठ मोरीत ओतलं. हात कोपरापर्यंत पांढरे झाले होते, पुन्हा पुन्हा धुतले.

त्यानंतर कुरिअरच्या ऑफिसात गेले. काउंटरवरचा माणूस म्हणाला, "पावती नंबर सांगा." मी पावती पुढे केली. "तुम्हीच वाचा," म्हटलं. तो म्हणाला, "ठळक तर लिहिलंय, मावशी. चष्मा विसरलात का?" मी म्हटलं, "हो, विसरले." चष्मा नाकावरच होता. तो हसला नाही, ते जास्त लागलं. पार्सल सोमवारीच गाडीत चढलंय. आता थांबवता येत नाही. शुक्रवारी पोहोचेल.

येताना कोपऱ्यावर गर्दी दिसली. शिंपी दुकानदाराला ओरडून ओरडून विचारत होता, "पोरीच्या जिवावर बेतलं, काय विकतोस रे?" दुकानदार नुसता म्हणत होता, "माझ्या घरीपण तोच मैदा खातात हो." त्याने सगळ्यांसमोर उघडं पोतं ओढत आणलं आणि गटारात पालथं केलं. मैद्याचा ढग उठला. तो आत जाऊन मुलांसाठीच्या पेन्सिलींची बरणी उगाच पुसत बसला. मी गर्दीच्या मागून निघून आले. चोराच्या मनात चांदणं म्हणतात तसं झालं, प्रत्येक माणूस माझ्याकडेच बघतोय असं वाटत होतं. आणि बघत होते की नव्हते हेही मला धड दिसत नव्हतं.

दवाखान्यातून काल शिंप्याची बायको येऊन सांगून गेली. टिकलीचं अंग लाल झालंय, भाजल्यासारखं. डॉक्टरांना कळत नाहीये. कसला तरी संसर्ग समजून औषध चालू आहे.

मला कळतंय. एकटीला.

आत्ता सकाळचे आठ वाजलेत. डबा पिशवीत घालून दाराशी ठेवलाय. दोनदा चप्पल घातली, दोनदा काढली. सांगितलं तर काय होईल ते मी सगळं मनाशी बघून घेतलंय. न सांगितलं तर काय होईल, तिथपर्यंत विचार जातच नाही. तिथे आला की मागे फिरतो.

बरणी उघडू नकोस. दमट हवेचं मी खोटं लिहिलं होतं.

ताई


शुक्रवार, ८ नोव्हेंबर, सकाळ

धाकटे,

काल गेले मी. चप्पल तिसऱ्यांदा घातली आणि काढली नाही.

मुलांच्या वॉर्डाबाहेर लांबलचक बाक आहे. भिंतीवर फुगे रंगवलेत, ते मला नुसते ठिपके दिसतात. नर्स दुसऱ्याच दवाखान्यात नोकरीला आहे, पण ड्यूटीवरून तशीच आलेली, अंगावर तिथलाच पांढरा ड्रेस. डॉक्टर तरुण होता. तो तिला विचारत होता, "घरात काही उंदराचं, झुरळाचं औषध? आठवून बघा." ती म्हणाली, "मी पाच वेळा आठवलंय, डॉक्टर. माझ्या घरात असलं काही नाही."

मी पिशवीतून डबा काढला आणि त्याच्या हातात दिला.

त्याने मोठ्याने वाचलं. "बोरिक पावडर." मग माझ्याकडे बघितलं असावं. "ही पोटात गेली? किती?"

इथे मात्र माझी जीभ सुटली. एकतीस वर्षांची सवय. म्हटलं, "चमचा सपाट, सुमारे बारा ग्रॅम. दहा चमचे. एकशे वीस ग्रॅम, नऊ बरण्यांत. एका बरणीत तेरा-साडेतेरा. एका वाटी पिठात पाच ग्रॅमच्या आसपास. मुलीने एका वेळी अर्ध्या वाटीचे खाल्ले असतील तर अडीच ग्रॅम." तो लिहून घेत होता. "किती वेळा खाल्लं?"

नर्स म्हणाली, "दोनदा." आवाज तिचा नव्हताच. "सोमवारी आणि मंगळवारी."

डॉक्टर आत धावला. आधीची औषधं बंद केली, दुसरी सलाईन लावली, रक्त तपासायला पाठवलं. मूत्रपिंडाला किती इजा झाली ते दोन दिवसांत कळेल म्हणाला. पुन्हा बाहेर येऊन मला विचारलं, "आणखी कुणाकडे गेलंय हे?"

मी म्हटलं, "सगळ्यांकडून परत आणलं."

बाकावर मी आणि नर्स दोघीच राहिलो. ती ओरडेल, मारेल असं वाटत होतं, मी खांदे आवळून बसले होते. तिने हळू विचारलं, "तुम्हाला कधी कळलं?"

"काल."

"काल सकाळी की दुपारी?"

"दुपारी."

ती उठली आणि आत गेली. दार लोटून घेतलं. बस, एवढंच.

आता जे लिहायचं आहे ते तुला सोडून कुणाला लिहिता येणार नाही. मंगळवारी सकाळी नर्स माझ्या दारात आली होती. "टिकलीचं पोट बिघडलंय, मावशी, हलकं काय देऊ?" असं तिने विचारलं. आणि मी म्हटलं, "त्या पिठाचे पॅनकेक दे, मऊ असतात, पोटाला त्रास नाही." दुसऱ्यांदा मी सांगितलं म्हणून दिलं तिने. हे तिला आठवत असणार. तिने डॉक्टरसमोर ते बोलून दाखवलं नाही.

आणि अदलाबदल टिकलीने केली नाही. टिकलीचं दुकान नेहमी खालच्या फळीवर असतं, वर तिचा हात पोचत नाही. शनिवारी आम्ही दोघी कॅरम खेळलो. ती सोंगट्या हाताने ढकलते, मी हरते. खेळ झाल्यावर बोर्ड मी उचलला, डबे मीच ठेवले. एक फडताळात, एक खणात. लेबल बघितलं नाही, कारण लेबल मला दिसत नाही. दीड वर्ष झालं, धाकटे. मधोमध डाग आहे. ज्याच्याकडे बघावं ते पुसलं जातं, आजूबाजूचं राहतं. तुझ्याकडे बघितलं असतं तर तुझे कान दिसले असते, तोंड नाही. आपल्या बाबांचं असंच सुरू झालं होतं. ते म्हणायचे, भिंतीवरच्या घड्याळाचे आकडे दिसतात, काटे कुणीतरी चोरले.

मी डबे जागेवरून ओळखते. तिसरा डबा मीठ, चौथा सोडा, पाचवा बेकिंग पावडर. स्पर्शाने, अंतराने. आणि नाक वर करून सगळ्यांना सांगते, मोजून केलंय.

तीन वर्षांपूर्वी तू इथे आली होतीस तेव्हा मी चहा कपाच्या बाहेर ओतला. तेव्हा नुसती सुरुवात होती. तू म्हणालीस, "ताई, बाबांसारखंच होतंय तुला, तपासून घे, एकटी राहू नकोस, माझ्याकडे चल." मी म्हटलं, "माझं घर हवंय तुला, सरळ सांग ना." तू बॅग उचललीस. हे सगळं तुला माहीत आहे. मी लिहिते आहे ते एवढ्यासाठी की मी ते बोलले तेव्हाच मला ठाऊक होतं की ते खोटं आहे. घराची हाव तुला कधीच नव्हती. मला तपासून घ्यायचं नव्हतं, एवढंच.

बरणी उरली नव्हती. पहिली बरणी तुझीच भरली. बघ, मला अजून सगळं येतं, हे तुला दाखवायचं होतं.

आज शुक्रवार. कुरिअरवाला म्हणाला होता, शुक्रवारी. काल संध्याकाळपासून अकरा वेळा फोन केला. घंटी वाजते आणि बंद होते. तू घर बदललंस, नवा पत्ता तेवढा आहे, शेजारपाजारच्यांचे नंबर माझ्याकडे नाहीत. ही पत्रं पोहोचेपर्यंत रविवार उजाडेल, हे मला कळत नाही असं नाही. पण हात थांबत नाही. लिहीत असले की वाटतं, तू अजून ऐकते आहेस. भूक लागली आणि घरात दुसरं काही नसलं म्हणजे? कंटाळा आला आणि सोपं काहीतरी करावंसं वाटलं म्हणजे? मीच लिहिलंय, एक अंडं आणि पाऊण वाटी दूध. मीच.

सगळ्यांकडून परत आणलं असं डॉक्टरला सांगताना माझ्या मनात तूच होतीस. सख्खी बहीण माझा फोन उचलत नाही हे चारचौघांत सांगायची लाज वाटली. लाजेपायी आणखी एक खोटं.

बाहेर कुरिअरची मोटरसायकल गेली. इथली आहे, तुझ्याकडची नाही. तरी दारापर्यंत जाऊन आले.

मी पुन्हा दवाखान्यात निघाले आहे. नर्सच्या फोनवरून लागतो का बघते. ती तोंड बघणार नाही माझं, पण नंबर तरी लावेल. माणूस मरत असेल तर नर्स नाही म्हणत नाही.

उचल ग.

ताई


मंगळवार, १९ नोव्हेंबर

धाकटे,

अक्षर वेगळं आहे हे तुला दिसलंच असेल. मी सांगते आहे, वरची नर्स लिहिते आहे. ती म्हणाली, "तुमच्या ओळी एकमेकींच्या अंगावर चढतात, मी लिहिते. पण एक अट. मधलं काही गाळायचं नाही." तिची दुसरी अट अशी, की तिच्याबद्दल चांगलं लिहायचं नाही. ते जमणार नाही, पण प्रयत्न करते.

तू परवा फोनवर म्हणालीस ते मला तंतोतंत आठवतंय. "तू फोनवर खोटं बोलतेस ताई. पत्रात निदान तिसऱ्या-चौथ्यापर्यंत खरं येतं. लिही." म्हणून लिहिते आहे.

त्या शुक्रवारी तू फोनच्या त्या टोकाला होतीस, या टोकाला काय चाललं होतं ते तुला दिसलं नाही. नर्स टिकलीच्या पलंगाशी बसली होती. मी दारातूनच म्हटलं, "एक बरणी धाकटीकडे गेली आहे. काल लपवलं." तिने फोन काढला, माझ्याकडे न बघता म्हणाली, "नंबर." तुझा नंबर मला पाठ आहे, वाचावा लागत नाही. दुसऱ्या घंटीला तू उचललास. अनोळखी नंबर उचलतेस, माझा नाही, हे तेव्हा कळलं, पण तेव्हा त्याचं दुःख करायला वेळ नव्हता. नर्स नुसती म्हणाली, "पार्सल आलं? खाल्लंत?"

आणि मग तुझा आवाज. फोन तिच्या कानाला, तरी मला ऐकू आला. "मघाशीच आलं. कपाटावर ठेवून दिलंय. तिच्या हातचं खायचं नाही असं ठरवलं होतं मी."

मला हसू फुटलं, धाकटे. दवाखान्यात, त्या पोरीच्या पलंगाशी, मी तोंडावर पदर घेऊन हसले आणि मग ते हसू थांबेना, रडं झालं. तुझा राग कामाला आला. तीन वर्षांत मला पहिल्यांदा वाटलं की बरं झालं, धाकटी मनात डूख धरून बसते.

नर्सने फोन माझ्या हातात दिला नाही. ते तिचं बरोबर होतं. तिने तुला दोन वाक्यांत सांगितलं आणि बंद केला.

आता टिकलीचं. चार दिवस तिची लघवी मोजत होते. दर वेळी नर्स भांडं उजेडात धरून बघायची आणि वहीत आकडा लिहायची. मी बाहेरच्या बाकावर असायचे. आत ये असं कुणी म्हटलं नाही, जा असंही म्हटलं नाही. पाचव्या दिवशी डॉक्टर म्हणाला, आकडे सुधारताहेत. अंगाची सालं निघाली, सापाच्या कातीसारखी, तिने ती जपून ठेवायला कागद मागितला. चौदा तारखेला घरी आणलं. आणखी महिनाभर दर आठवड्याला रक्त तपासायचं आहे. पूर्ण बरी झाली असं अजून कुणी म्हटलेलं नाही. मीही म्हणणार नाही.

ती आता माझ्याकडे येत नाही. दुपारी शिकवणीवालीकडे असते. भिंतीतून आवाज येतो तिचा. नर्स इथे लिहिताना थांबली होती. मी म्हटलं, लिही.

दुकानदाराकडे गेले. रविवारी सकाळी, गिऱ्हाइकं असताना, मुद्दामच. शिंप्याला आणि रखवालदाराला बरोबर नेलं. म्हटलं, "तुझा मैदा चांगला होता. विष मी घातलं, चुकून, आणि नाव तुझं सांगितलं, ते मात्र चुकून नाही." त्याने हातातलं माप खाली ठेवलं. मग म्हणाला, "मावशी, माझ्या मुलीच्या वर्गातल्या पोरी तिच्या डब्यातलं खात नाहीत आता." शिंपी म्हणाला, "मी शाळेत येतो तुझ्याबरोबर, सांगतो." दोघं सोमवारी गेले. पुढे काय झालं ते मला माहीत नाही.

शिकवणीवालीलाही सांगितलं. तिचं दूध बरोबर होतं आणि तवाही.

डोळे तपासले. नर्सने तिच्या दवाखान्यात चिठ्ठी लिहून घेतली, मी एकटी गेले. पडद्याचाच आजार आहे, बाबांचा होता तोच. उजवा गेला तेवढा गेला. डावा सांभाळता येईल, पण तीन वर्षांपूर्वी आला असतात तर बरंच वाचलं असतं, असं डॉक्टर म्हणाले. तू ते वाचून काही बोलू नकोस. दर महिन्याला डोळ्यात इंजेक्शन द्यायचं. डोळ्यात म्हणजे खरोखर डोळ्यात, सुईने, जागेपणी. पहिलं या शनिवारी आहे. मला त्याचं काही नाही. प्रयोगशाळेत बेडूक फाडताना मुली बेशुद्ध पडायच्या, मी पाणी मारायचे.

फडताळ रिकामं केलंय. पीठ आता करत नाही.

तुझ्याकडे यायचं की नाही ते अजून ठरवलेलं नाही. घराचं काय करायचं तेही तू सांगशील तसं. बाकी सगळं ठीक आहे.

ताई

त्यांनी सांगितलं तसं सगळं लिहिलं आहे. माझं थोडं आहे, ते त्यांना वाचून दाखवणार नाही.

फोनवर परवा तुम्ही विचारलंत, की मी त्यांना माफ केलं का. त्या समोर होत्या म्हणून मी बोलले नाही. केलेलं नाही. त्या दुपारपासून दुसऱ्या दिवसापर्यंत गप्प राहिल्या, ते मला जमत नाहीये. त्यांनी आणून दिलेला डबा आणि तोंडी सांगितलेले आकडे नसते तर आणखी दोन दिवस चुकीचं औषध चाललं असतं, हेही मला माहीत आहे. दोन्ही एकदम मनात ठेवून मी वर-खाली करते, जिन्यात भेटलो तर मान हलवते. दुसऱ्यांदा ते खाऊ घातलं ते माझ्याच हाताने, नर्स असून. त्यांनी सांगितलं होतं हे कुणाला बोलले नाही, कारण मग माझा हातही बोलावा लागला असता.

इंजेक्शनचं त्यांना काही नाही असं त्यांनी सांगितलं आणि मी लिहिलं. ते सांगताना त्यांनी माझं डावं मनगट पकडलं, ते अजून सोडलेलं नाही. कागद धरायला हात नाही, म्हणून शेवटच्या ओळी अशा सरकल्या आहेत. त्यांची बोटं थंडगार आहेत.

शनिवारी सकाळी नऊ वाजता आहे. मला ड्यूटी आहे. नसती तरी मी गेले असते का, ते सांगता येत नाही. तुम्ही शुक्रवारीच या. बस स्टँडवर न्यायला रखवालदार येईल, मी त्याला सांगून ठेवलं आहे.